चार कोऱ्या ओळी

आज सकाळी एका ओळखीच्यांच्या पोस्टखाली कमेंट वाचली. "पोलीस खात्यात बढती कुणाला द्यायची ते साहेब ठरवतील, कोर्टाने लुडबूड करू नये." खाली धडाधड लाइक. दिवसभर डोक्यातून जात नाहीये, म्हणून लिहितेय.

माझे पप्पा पोलीस निरीक्षक होते. २००४ साली उपअधीक्षकपदाची यादी आली. त्यात त्यांच्यानंतर भरती झालेल्या बॅचची नावं होती, त्यांचं नव्हतं. ना विभागीय चौकशी, ना कसुरी, एक वेतनवाढ कधी रोखलेली नाही. त्या रात्री बंदोबस्तावरून आले, पट्टा खुंटीला लावला आणि आईला एवढंच म्हणाले, "नाही आलं." कारण कुणी सांगितलं नाही, त्यांनी विचारलं नाही. खात्यात विचारायची पद्धत नसते.

कारण कळलं निवृत्तीनंतर, माहितीच्या अधिकारात गोपनीय अहवालांच्या, म्हणजे साहेब दरवर्षी कामाबद्दल शेरा लिहितात त्या कागदांच्या, झेरॉक्स मिळाल्या तेव्हा. सगळी वर्षं 'अ' नाहीतर 'ब+', मध्येच एका वर्षी 'ब'. त्या वर्षी एका गुन्ह्यातून आरोपीचं नाव वगळायला पप्पांनी नकार दिला होता. साहेबांशी वाजलं होतं, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. त्या कागदावर शेऱ्यासाठी चार ओळी आखलेल्या आहेत. चारही कोऱ्या. खाली सही.

आणि 'ब' म्हणजे काही 'प्रतिकूल' नव्हे, म्हणून तो कळवायचीही कुणाला गरज वाटली नाही. माणसाचं करिअर थांबलं आणि कशाने थांबलं ते त्यालाच माहीत नाही!

२००८ मध्ये सुप्रीम कोर्टाने देव दत्त यांच्या प्रकरणात नेमकं हेच पकडलं. सीमेवरचे रस्ते बांधणारे ते इंजिनिअर. एका वर्षी 'चांगला' शेरा, बढतीला हवा होता 'अतिशय चांगला'. कोर्ट म्हणालं, शेरा कुठलाही असो, ज्याचा त्याला कळवा आणि त्याचं म्हणणं ऐका. तोवर ते निवृत्त झाले होते. २०१३ मध्ये तीन न्यायाधीशांच्या पीठाने तेच पक्कं केलं. ही लुडबूड आहे?

कोर्ट कुणाच्या खांद्यावर स्टार लावत नाही हो. बढती हा हक्क नाहीच, ते कोर्टच सांगतं. पण नियमात बसणाऱ्याचा विचार झाला पाहिजे, तोही प्रामाणिकपणे, हा हक्क संविधानाच्या सोळाव्या अनुच्छेदातला आहे. आकस दिसला, कागद दडवला, भलताच कागद धरला, तर मॅट (सरकारी नोकरांचे वाद ऐकणारं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) किंवा हायकोर्ट बढती ठरवणाऱ्या समितीला सांगतं, पुन्हा बसा. निवड शेवटी समितीनेच करायची. फक्त तिने कारण दाखवायचं. यात शिस्त कुठे मोडते?

हो, नाराज झालेला जो तो मॅटमध्ये धावतो, याद्या अडकतात, मधली माणसं लटकतात. मान्य. पण म्हणून दारच बंद करा म्हणणाऱ्यांनी त्या चार ओळी येऊन बघाव्यात. ज्याने आरोपीचं नाव वगळलं नाही तो मागे राहतो आणि तुम्ही म्हणता साहेबांचा अधिकार! उद्या तुमच्या घरी चोरी झाली, तुमच्या मुलीची तक्रार असली, तर तपासाला कोण हवाय तुम्हाला? सही करणाऱ्याला खूश ठेवणारा?

चिडून लिहिलं, माहीत आहे. मघाशी पप्पांना विचारलं, तेव्हा मॅटमध्ये का नाही गेलात? म्हणाले, "आपल्याच खात्यावर केस कशी करायची?" एवढं होऊनही 'आपलंच खातं'. मला पुढे बोलवेना.

तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. त्यांच्या हाताखाली शिकलेला एक पोरगा, आता एपीआय, म्हणजे सहायक पोलीस निरीक्षक आहे. त्याचाही या वर्षी 'ब' आलाय. पप्पांनी चष्मा काढून ठेवला आणि त्याला सावकाश सांगितलं, "प्रत हातात घे. मुदत बघ. मुदतीत अभिवेदन दे, तुझं म्हणणं लेखी मांड, आणि पोच घेतल्याशिवाय टेबलावरून उठू नकोस."