‘रस्त्यावरून उचललेला’ ग्रीक नट

माझा भाचा पुण्यात एकांकिका करतो. परवा त्यानं एक फॉरवर्ड पाठवला आणि खाली लिहिलं, “मावशी, अभिनयाच्या वर्कशॉपची फी वाचली!” फॉरवर्ड म्हणतो: ग्रीस कंगाल झाला, नटांना द्यायला पैसे नव्हते, म्हणून ‘डॉगटूथ’ या ग्रीक सिनेमाच्या दिग्दर्शकानं रस्त्यावरची पोरं उचलली. त्यांना अभिनय येत नव्हता, म्हणून ती यंत्रासारखी बोलतात. जगानं त्यालाच ‘प्रायोगिक’ म्हणून डोक्यावर घेतलं. त्यात मुलाचं काम करणारा नट पुढे कुठे दिसलाच नाही.

कंगालपणाचं आधी उरकते. कानच्या चित्रपट महोत्सवात ‘डॉगटूथ’ला ‘अं सर्तें रगार’ विभागाचं पारितोषिक मिळालं मे २००९ मध्ये. ग्रीसच्या सरकारी तुटीचा खरा आकडा बाहेर आला त्याच वर्षी ऑक्टोबरात आणि पहिलं कर्जपॅकेज आलं मे २०१० मध्ये. तारखा बघायला दोन मिनिटं लागतात. बजेट तुटपुंजं होतं, हे मात्र खरं.

आता ती ‘रस्त्यावरची पोरं’. मुलाचं काम करणारा ख्रिस्तोस पासालिस हा रंगभूमीवरचा माणूस. २००४ साली अथेन्समध्ये ‘ब्लिट्झ’ ही नाटकमंडळी काढणाऱ्या तिघांपैकी तो एक. दुसरी अँगेलिकी पापुलिया, म्हणजे याच सिनेमातली मोठी बहीण! धाकटी झालेली मेरी त्सोनी मूळची गायिका, तेवढं मान्य. पण गायिका म्हणजे रस्त्यावरची पोर नव्हे.

आणि यंत्रासारखं बोलणं? अहो, सिनेमा सुरूच होतो टेपरेकॉर्डरवरच्या धड्यानं. ‘समुद्र’ म्हणजे हात टेकायची खुर्ची, असं ती टेप शिकवते. पुढे ‘झोंबी’ म्हणजे छोटं पिवळं फूल. आईबापांनी कुंपणाबाहेर पाऊलच टाकू दिलेलं नाही, अशी ही मोठी झालेली मुलं. टेपवर भाषा शिकलेला माणूस कसा बोलेल? तसंच ती बोलतात. सबंध सिनेमाभर तो सूर न सोडणं म्हणजे अभिनय न येणं असेल, तर आमच्या भाच्यानं एक प्रवेश तसा करून दाखवावा.

‘कुठे दिसला नाही’ हे तर न शोधता ठोकून दिलंय. २०१९ मध्ये पासालिस दिग्दर्शक सिल्लास त्झुमेर्कासच्या सिनेमात होता. २०२२ मध्ये दोघांनी मिळून केलेला ‘द सिटी अँड द सिटी’ हा सिनेमा बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. विषय ग्रीसमधल्या थेस्सालोनिकी शहराचे ज्यू. तिथे १९४२ च्या जुलैत नाझींनी सुमारे ९,००० ज्यू पुरुषांना भर चौकात उन्हात उभं केलं, त्याच वर्षी त्यांची जुनी दफनभूमी उखडली गेली. आज तिथे विद्यापीठ आहे. सिनेमात हा भूतकाळ आजच्या शहरात येऊन उभा राहतो. हा प्रयोग नट मिळाले नाहीत म्हणून केलेला नाही. २०२२ मध्येच पासालिसनं ‘सायलेन्स ६-९’ हा सिनेमा स्वतः दिग्दर्शित केला, त्यात कामही केलं, आणि सोबत पुन्हा पापुलिया.

वर्कशॉपची फी शनिवारपर्यंत भरायची आहे, असं त्याची आई सांगत होती.