घशाखाली न उतरणारी कांजी

तापातून उठलेल्या माणसाला देतात ती कांजी सहज पचते. जपानी लिपीतली कांजी, म्हणजे चीनमधून आलेली अर्थवाही चिन्हे, मात्र, तोक्योच्या निशिकासाई भागात राहायला येऊन दोन वर्षे झाली तरी, माझ्या घशाखाली उतरत नव्हती. रोजच्या वापरातील म्हणून सरकारी यादीत २१३६ चिन्हे आहेत. पाठ्यपुस्तकाने वीट आणल्यावर एका सहकाऱ्याने मांगा, म्हणजे जपानी कॉमिक्स, वाचण्याचा सल्ला दिला आणि मी जुन्या पुस्तकांच्या दुकानातून बेसबॉलच्या एका मालिकेचे अकरा भाग पिशवीत घालून आणले.

मुलांच्या मांगात कांजीच्या उजव्या कडेला तिचा उच्चार बारीक अक्षरांत छापलेला असतो. त्याला फुरिगाना म्हणतात. ही सोय फार घातक आहे. माझी नजर आईचा पदर न सोडणाऱ्या पोरासारखी त्या बारीक अक्षरांना चिकटून राही, आणि चौथा भाग संपला तेव्हा गोष्ट तोंडपाठ झाली होती, कांजी मात्र एकही ओळखू येत नव्हती. शेवटी मी पुठ्ठ्याची पट्टी कापून फुरिगाना झाकू लागलो.

अशा रीतीने कायमची डोक्यात बसलेली पहिली कांजी 'मोएरु', म्हणजे पेटणे, यातली. कारण मालिकेचा नायक दर सामन्याआधी पेटून उठत असे. तिच्यात सोळा रेघा आहेत. डावीकडे विस्तव, उजवीकडे वर मांस आणि कुत्रा, त्यांच्याखाली चार ठिपके, तेही विस्तवच. मुळात हा उजवा भाग एकटाच 'जाळणे' असा अर्थ देत असे. पुढे तो भलत्याच कामाला जुंपला गेल्यामुळे डावीकडे आणखी एक विस्तव पेटवावा लागला. कुत्र्याचा मी विचार करत नाही.

इथे जाळायचा कचरा आणि न जाळायचा कचरा वेगवेगळ्या दिवशी ठेवायचा असतो. लवकरच हीच कांजी मला इमारतीखालच्या कचऱ्याच्या फलकावर भेटली, आणि फुरिगाना नसतानाही वाचता आली! कचऱ्याचे खाते एरवी बायकोकडे असते; ते मी हौसेने मागून घेतले आणि फलकावर त्या कांजीपुढे लिहिलेल्या दिवशी भाज्यांच्या सालांची व चहाच्या चोथ्याची पिशवी मोठ्या ऐटीत खाली ठेवून आलो. संध्याकाळी पिशवी जागच्या जागी होती आणि तिच्यावर इशाऱ्याचा कागद डकवलेला होता.

पाचवीतल्या मुलीला फलकापाशी नेले. तिने कांजीकडे ढुंकूनही न पाहता, तिच्यापुढच्या साध्यासोप्या जपानी अक्षरांवर बोट ठेवले.

"बाबा, हे कोण वाचणार? मोयासा-नाय. नाय म्हणजे नाय!"