गोळ्यांची वंशावळ

गोळ्यांच्या डब्याला 28 खण असतात: सात वार, रोजच्या चार वेळा. तो भरणं ही आठवड्यातली सर्वांत एकाग्र बैठक. मी तर म्हणेन, विपश्यनेच्या तोडीची.

मूळ पुरुष गुडघा. त्याच्यासाठी येते आयबुप्रोफेनच्या घराण्यातली गोळी. ती दुखणं दाबते, पण जठराचं अस्तर राखणारी द्रव्यंही अडवते आणि अंगात मीठ-पाणी धरून रक्तदाब चढवते. मग जठराला पँटोप्राझोल, दाबाला ॲम्लोडिपिन. त्याने घोटे सुजतात. ही सूज सैलावलेल्या रक्तवाहिन्यांतून झिरपलेल्या पाण्याची. लघवीच्या गोळीला ती फारशी जुमानत नाही, तरी ती गोळी येतेच. तिने युरिक ॲसिड वाढतं, पायाचा अंगठा ठणकतो, आणि अंगठ्यासाठी पुन्हा आयबुप्रोफेनचंच घराणं दारात हजर! लंगोटी वाचवायला मांजर, मांजराला दूध म्हणून गाय. साधूचा संसार असाच वाढला होता. पँटोप्राझोल वर्षानुवर्षं चाललं तर बी-12 नीट शोषलं जात नाही. पायांना मुंग्या येतात. मुंग्यांनाही गोळी आहे.

वेळापत्रक तर रेल्वेला लाजवेल. थायरॉईडची उपाशीपोटी, पुढे अर्धा-पाऊण तास तोंड बंद. जठराची खाण्याआधी, दुखण्याची खाल्ल्यावर. लोह आणि कॅल्शियम एकत्र नकोत, आणि थायरॉईडपासून दोघांनाही चार तास लांब ठेवायचं. जेवण म्हणजे दोन गोळ्यांमधली फट.

त्यात कात्री. पट्टी कापताना नाव एका तुकड्यावर जातं, मुदत दुसऱ्यावर. हाती उरतं ते ‘…500’. आता ही तापाची 500 की साखरेची 500? तापाची असेल तर सर्दीच्या गोळीतही बहुधा तेच पॅरासिटामॉल असतं. धडधाकट मोठ्या माणसाला 24 तासांत 4 ग्रॅम ही कमाल मर्यादा, आणि यकृत पाकिटावरची नावं वाचत बसत नाही, बेरीज करतं.

डॉक्टर विचारतात, “काय काय चालू आहे?” उत्तर ठरलेलं: “एक पांढरी, एक गुलाबी आणि एक अर्धी.” गुडघ्याचं कोणी विचारत नाही. तो अजून दुखतोय.

28 खण भरून झाले की टेबलावर एक गोळी उरते. पांढरी, गोल, मधोमध रेघ.