उशिराचं व्याज म्हणजे खिरापत नव्हे

नमस्कार. निवृत्त सरकारी कर्मचाऱ्यांच्या थकलेल्या लाभांवरच्या माझ्या लेखावर तुम्ही विचारलंत, "पेन्शन मिळणारच आहे, मग चार-सहा महिन्यांच्या उशिरावरून कोर्टकचेरी कशाला? आणि त्यावरचं व्याज करदात्यांनी का भरायचं?" १ नोव्हेंबर २००५ पासून राज्य सरकारच्या नोकरीत लागलेल्या बहुतेकांना जुनी, शेवटच्या पगारावर ठरणारी पेन्शन नाही, याचा रागही तुमच्या प्रतिक्रियेत आहे. तो राग रास्त आहे. पण त्यावर उपाय म्हणून दुसऱ्याचे पैसे अडकून पडलेले मला चालणार नाहीत.

व्याजाचंच आधी बोलतो. केरळमधले एक कर्मचारी मे १९७३ मध्ये निवृत्त झाले, पैसे मिळाले ऑगस्ट १९७५ मध्ये. कोषागाराने अंतिम वेतन प्रमाणपत्रच, म्हणजे शेवटच्या पगाराचा दाखलाच, पाठवला नव्हता. एवढ्या एका कागदापायी सव्वादोन वर्षं! सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की बाजारदराने दंडव्याज सुरू व्हायला हवं. शिवाय हे नुकसान कसूर करणाऱ्याकडून भरून घेण्याचा सरकारने विचार करावा, असंही सुचवलं. करदात्याची काळजी न्यायालयानेही केली, पण म्हणून निवृत्ताला गप्प बसवलं नाही. आपल्याकडे महाराष्ट्रातही १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत नियम १२९-अ आणि १२९-ब आहेत: प्रशासनाच्या ढिलाईमुळे उपदान (ग्रॅच्युइटी) किंवा निवृत्तिवेतन रखडलं तर व्याज द्यावं लागतं.

आता "चार-सहा महिने" म्हणजे काय ते बघा. माझ्या ओळखीच्या एका आरोग्य सेविकेच्या सेवापुस्तकात, म्हणजे नोकरीच्या नोंदवहीत, जुन्या वेतननिश्चितीवर वेतन पडताळणी पथकाचा (पगार बरोबर ठरवलाय का ते तपासणाऱ्यांचा) शिक्का नव्हता. तो घेणं कार्यालयाचं काम. पण निवृत्तीनंतर बाईंनाच सांगितलं, "जुन्या तालुक्यातून दाखला आणा." तिथे दप्तर शोधून द्यायला कोणी नाही. तोवर उपदान नाही, अंशराशीकरण (पेन्शनचा काही भाग आधीच एकरकमी घेणं) नाही, शिल्लक रजेचे पैसे नाहीत. घरकर्जाचा हप्ता मात्र दर महिन्याला कापला जातोच. निवृत्तीची तारीख नोकरीच्या पहिल्याच दिवशी जन्मतारखेवरून ठरते. पेन्शनची कागदपत्रं दोन वर्षं आधीपासून तयार करायला घ्यावीत असं नियमच सांगतात. मग शिक्का नाही हे निवृत्तीनंतर कसं कळतं?

निवृत्त होताना विभागीय चौकशी चालू असलेल्यांचं काय, असंही तुम्ही विचारलंत. त्यांचं उपदान निकाल लागेपर्यंत थांबवता येतं, पण नियम १३० प्रमाणे तात्पुरतं निवृत्तिवेतन द्यावंच लागतं. नियमाचा आधार नसताना नुसत्या आदेशाने पेन्शन रोखता येत नाही, कारण ती राज्यघटनेच्या कलम ३००-अ खाली मालमत्ता आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये झारखंडच्या प्रकरणात स्पष्ट केलं. पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, हे तर सर्वोच्च न्यायालयाच्या १९८२ च्या नाकरा निकालापासून सर्वांना ठाऊक आहे.

तुमच्या घरात कोणी दोनेक वर्षांत निवृत्त होणार असेल, तर त्यांना आजच सेवापुस्तक मागून बघायला सांगा. प्रत्येक वेतननिश्चितीवर पडताळणीचा शिक्का, रजेचा हिशेब, नामनिर्देशन, सगळं तपासा. त्रुटी दिसली तर लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. पुढे व्याज मागायची वेळ आली, तर उशीर कोणामुळे झाला हे त्या पोचेवरूनच दाखवता येतं.