एकोणीस फेब्रुवारी कुणाची?

फेब्रुवारीचा दुसरा आठवडा उजाडला की आमच्या अलिबागच्या शाळासोबत्यांच्या ग्रुपवर तोच वाद पेटतो. शिवजयंती १९ फेब्रुवारीला की फाल्गुन वद्य तृतीयेला? तारीखवाले तिथीवाल्यांना मागासलेले म्हणतात, तिथीवाले तारीखवाल्यांना इंग्रजाळलेले. एरवी नातवंडांचे फोटो टाकणारी माणसं, पण त्या आठवड्यात एकमेकांचं तोंड बघायला तयार नसतात. यंदा एकाने मला मध्ये ओढलं. "तू इस्रायलात. तुमच्याकडे सगळं तिथीनेच ना रे? सांग जरा यांना."

मी अलिबागच्या इस्रायल आळीतला, कोकणातला यहुदी. इस्रायलातल्या अश्दोद शहरात येऊन सव्वीस वर्षं झाली. त्याला हो म्हणालो असतो तर ते अर्धं खोटं झालं असतं. माझा पगार, वीजबिल, दाताच्या डॉक्टरची वेळ हे सगळं तुमच्याच जानेवारी-फेब्रुवारीवर चालतं. सण आणि वडिलांचं वर्षश्राद्ध मात्र हिब्रू तिथीने. स्वातंत्र्यदिनाचीच गोष्ट घ्या. घोषणा झाली १४ मे १९४८ला, शुक्रवारी, शब्बाथ, म्हणजे शुक्रवारच्या सूर्यास्तापासूनचा आमचा विसाव्याचा दिवस, लागायच्या काही तास आधी. हिब्रू तिथी होती ईयार महिन्याची पाच, आणि सरकारी उत्सव त्या तिथीनेच होतो. पण तीही दगडावरची रेघ नाही. ५ ईयार शुक्रवारी किंवा शनिवारी आली की शब्बाथ मोडू नये म्हणून उत्सव गुरुवारी घेतात, सोमवारी आली तर मंगळवारी. २०२५ साली ती शनिवारी होती, म्हणून सण दोन दिवस आधी झाला, आणि तो नेमका १ मेला पडला. माझ्यासारख्याला फुकटात महाराष्ट्र दिनाची सुट्टी! तिथी सरकवली म्हणून राज्याचा अपमान झाला, असं मला इथे कुणी म्हणालेलं नाही.

आता तारीखवाल्यांकडे वळतो. १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख आली कुठून? लोकमान्य टिळकांनी उजेडात आणलेल्या जेधे शकावलीत, म्हणजे तिथीवार नोंदींच्या जुन्या कागदात, नोंद आहे ती शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार अशी. तारीख हा तिचा अनुवाद, आणि तोही ज्युलियन कॅलेंडरात केलेला, म्हणजे ज्युलियस सीझरने इसवी सनापूर्वी ४५पासून लागू केलेल्या. त्याच्या वर्षात अकरा मिनिटं जास्त होती. ती साठत गेली आणि वसंतसंपात (मार्चमधला दिवस-रात्र सारखे असण्याचा दिवस), पर्यायाने त्यावरून ठरणारा ईस्टर, जागचा हलला. म्हणून पोप तेराव्या ग्रेगरीने १५८२ साली ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी थेट १५ ऑक्टोबर केला. दहा तारखा उडाल्या, वार मात्र तसेच चालू राहिले. हा वारच इथे साक्षीदार आहे. आजच्या, म्हणजे ग्रेगोरियन पद्धतीने मागे मोजत गेलात तर १९ फेब्रुवारी १६३०ला मंगळवार येतो. शकावलीतला शुक्रवार येतो १ मार्चला.

गंमत अशी की त्या दिवशी गोव्यातल्या पोर्तुगिजांच्या वहीत १ मार्च १६३० पडलं असतं, कारण त्यांनी पोपचं ऐकलं होतं. सुरतेच्या वखारीतल्या इंग्रजांनी पोपचं ऐकलं नव्हतं, आणि त्यांचं नवं वर्ष २५ मार्चला लागायचं, म्हणून त्यांच्या वहीत १९ फेब्रुवारी १६२९. आपण भांडतो ती 'एकोणीस फेब्रुवारी सोळाशे तीस' त्या सकाळी या दोघांपैकी कुणीच लिहिली नसती. दिवस इंग्रजांचा, साल पोर्तुगिजांचं. आणि फाल्गुनातली मीन संक्रांत, म्हणजे सूर्याचा मीन राशीतला प्रवेश, आता १४ मार्चच्या सुमारास होत असल्याने वद्य तृतीया हल्ली फेब्रुवारीत येऊच शकत नाही. २०२४मध्ये ती २८ मार्चला होती, २०२५मध्ये १७ला.

म्हणजे तिथीवाले जिंकले? माझं मत त्यांच्याच बाजूला झुकतं, कारण मूळ कागद तिथी सांगतो. पण 'खरा दिवस' हा शब्द मला खटकतो, आणि त्याला कारण आहे शेजारचं याव्ने हे गाव.

जेरुसलेमचं मंदिर रोमनांनी पाडल्यावर यहुदी पंडितांचं न्यायपीठ याव्नेला बसायचं. तेव्हा पंचांग छापील नव्हतं. चंद्रकोर पाहिलेले दोन साक्षीदार येऊन सांगत, मग महिना जाहीर होई. तिशरी म्हणजे आमच्या नव्याच्या सणाचा, नववर्षाचा, महिना. त्या महिन्याची एक गोष्ट मिश्ना या यहुदी धर्मनियमांच्या जुन्या ग्रंथात आहे. दोघे आले, म्हणाले, कोर दिसली. पण दुसऱ्या रात्री, जेव्हा ती ठसठशीत दिसायला हवी, तेव्हा दिसलीच नाही. प्रमुख रब्बान गमलियेल यांनी साक्ष मान्य केली. रब्बी दोसा म्हणाले, खोटे आहेत हे. बाई बाळंत झाली म्हणतात, आणि दुसऱ्या दिवशी तिचं पोट तसंच पुढे! रब्बी यहोशुआ दोसांच्या बाजूने उभे राहिले. गमलियेलांनी यहोशुआंना निरोप धाडला: तुमच्या गणिताने ज्या दिवशी योम किप्पुर येतो, त्या दिवशी काठी आणि पैसे घेऊन माझ्याकडे या. योम किप्पुर हा प्रायश्चित्ताच्या उपासाचा दिवस, त्या दिवशी पैसे हातात धरणंही निषिद्ध. यहोशुआ कासावीस झाले. रब्बी अकिवांनी त्यांना तोरा या आमच्या धर्मग्रंथातलं वाक्य दाखवलं, 'हे सण तुम्ही जाहीर कराल', आणि म्हणाले, वेळेवर असोत की अवेळी, याखेरीज दुसरे सण नाहीत. यहोशुआ काठी आणि पैसे घेऊन गेले. गमलियेल उठून उभे राहिले, त्यांच्या मस्तकाचं चुंबन घेतलं आणि म्हणाले, या, माझे गुरू आणि माझे शिष्य: ज्ञानात गुरू, माझा शब्द पाळण्यात शिष्य.

यहोशुआंचं गणित चूक होतं असं मिश्ना कुठेही म्हणत नाही. मला ही गोष्ट आवडते आणि थोडी टोचतेही. गणित बरोबर असलेल्या माणसानेच का वाकायचं? तरी त्या काळी दोन गट दोन दिवशी उपास करू लागणं म्हणजे काय, हे लोकांनी पाहिलं होतं. मृत समुद्राकाठच्या कुमरानच्या यहुदी पंथाचं कॅलेंडर ३६४ दिवसांचं, बरोबर बावन्न आठवडे, त्यामुळे त्यांचा सण दरवर्षी त्याच वारी. त्यांच्या एका हस्तलिखित गुंडाळीत तक्रार आहे की दुष्ट पुरोहित आमच्या प्रायश्चित्ताच्या दिवशी आमच्या गुरूवर चालून आला. त्याच्या कॅलेंडरात तो साधा दिवस असणार.

देशाबाहेरच्यांची पंचाईत वेगळीच. महिना कधी लागला हे कळवायला आधी डोंगरांवर आगी पेटवत. शोमरोनी या शेजारच्या विरोधी पंथाच्या लोकांनी खोट्या आगी पेटवून घोटाळा केल्यावर जासूद पाठवू लागले. ते दूरच्या वस्त्यांत वेळेत पोचत नसत, म्हणून बाहेरच्यांनी सणाचे दोन दिवस पाळायचे. पंचांग गणिताने पक्कं झालं, तरी प्रथा राहिली. अलिबागला आम्ही पेसाहचे, म्हणजे मिसरातून सुटकेच्या सणाचे, सुरुवातीचे दोन दिवस पाळायचो, इथे आल्यावर एकच. आईला पहिल्या वर्षी चैनच पडेना, एक दिवस चोरल्यासारखं वाटलं म्हणाली.

बाहेरचे नेहमी मान खाली घालूनच होते असंही नाही. ९२२ साली पेसाह कधी यावर इस्रायलच्या भूमीतल्या पंडित बेन मेईर यांचं आणि बाबिलोनच्या (आजच्या इराकच्या) यहुदी पंडितांचं वाजलं. बेन मेईरांकडे रविवारी, बाबिलोनकडे मंगळवारी. बाबिलोनच्या बाजूने सादिया गाओन हे थोर पंडित होते, आणि शेवटी बाबिलोनचं गणित टिकलं. परदेशात राहून घरच्यांना शहाणपण शिकवणाऱ्या आमच्यासारख्यांना ही गोष्ट ऐकायला फार गोड लागते.

आकड्यांचं असंच दुसरं उदाहरण: आमच्या सिनेगॉगच्या परंपरेने जेरुसलेमचं पहिलं मंदिर (रोमनांनी पाडलं ते दुसरं) पडलं त्याला जेवढी वर्षं झाली, त्यापेक्षा शाळेच्या इतिहासाने सुमारे १६५ जास्त. कारण परंपरेच्या हिशोबात इराणी राजवट आखडून गेली आहे. मुलगी परीक्षेत इसवी सनापूर्वी ५८६ लिहायची आणि मंदिर पडल्याच्या उपासाच्या दिवशी रब्बींचा आकडा ऐकायची. घरात त्यावरून भांडण झाल्याचं आठवत नाही.

हे सगळं ग्रुपवर टाकलं. लिहिलं की सरकारी सुट्टी १९ फेब्रुवारीलाच राहू द्या, ती जाहीर झाली आहे. फक्त तिला शास्त्रीय म्हणू नका, आणि तिथीला मागासलेली म्हणू नका. बराच वेळ कुणी बोललं नाही. मग विचारणाऱ्याचाच मेसेज आला, "ते ठीक, पण तू स्वतः कधी साजरी करतोस?"

दोन्ही दिवशी, मी लिहिलं. बाहेरदेशी राहणाऱ्याने दोन दिवस पाळायचे असतात.