श्लोक सगळ्यांच्या हातात द्या

अंबाबाईच्या मूर्तीच्या मस्तकावरच्या नागाचा वाद कोल्हापुरात अधूनमधून पेटतोच. २०१५ साली पुरातत्त्व खात्यानं झिजलेल्या मूर्तीचं रासायनिक संवर्धन केलं आणि त्यात नाग काही घडवला गेला नाही, अशी तक्रार तेव्हापासून आहे. त्याला जोडून जुना प्रश्न आहेच: ही विष्णुपत्नी लक्ष्मी, की शक्तिरूप जगदंबा? घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर हे सगळं जर्मनीत, लाइपझिगला माझ्यापर्यंत येतं. दोन्ही बाजू ‘शास्त्रात असं आहे’ म्हणतात. शास्त्रात नेमकं काय आहे, ते मात्र फारच थोडे जण पुढे ठेवतात.

पुढे ठेवायला फार लागत नाही. दुर्गासप्तशती या देवीच्या पोथीच्या शेवटी ‘रहस्य’ नावाची जी तीन प्रकरणं आहेत, त्यांतल्या प्राधानिक रहस्यात महालक्ष्मीचं वर्णन एका श्लोकात आलंय: ‘मातुलुङ्गं गदां खेटं पानपात्रं च बिभ्रती । नागं लिङ्गं च योनिं च बिभ्रती नृप मूर्धनि ॥’ हातांत म्हाळुंग (लिंबाच्या जातीचं फळ), गदा, ढाल आणि पानपात्र. मस्तकावर नाग, लिंग आणि योनी. आपल्या मूर्तीचे चारही हात या श्लोकाशी जुळतात. म्हणून तर नागासाठी जीव तुटतो, आणि तो तुटायलाच हवा. पण रांगेत दोन-तीन तास उभं राहून आत गेलेल्या माणसाला काय दिसतं? शालू, दागिने, किरीट आणि देवीचं मुख. गदा दिसत नाही, म्हाळुंग दिसत नाही, मस्तकावरचं तर नाहीच. ज्या दगडावरून गाव भांडतं तो बहुतेकांनी उघडा पाहिलेला नाही, आणि ज्या ओळीवरून भांडतं ती ऐकलेली नाही.

शब्द कुणाच्या ताब्यात, हे भांडण कोल्हापूरला नवं नाही. १८९९ च्या कार्तिकात पंचगंगेवर स्नानाच्या वेळी शाहू महाराजांसमोर भटजी वेदोक्त (वेदांतले) नव्हे, पुराणोक्त (पुराणांतले, शूद्रांसाठी मानलेले) मंत्र म्हणत होते, आणि हे लक्षात आणून देणारे राजारामशास्त्री भागवत स्वतः ब्राह्मण होते. पुढचं वेदोक्त प्रकरण, राजोपाध्यांची, म्हणजे राजघराण्याच्या पुरोहितांची, वतनं जप्त होणं, हे आपल्याला शाळेपासून ठाऊक आहे. मला त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते महाराजांनी नंतर जे केलं ते. त्यांनी वेदांकडे पाठ फिरवली नाही. मराठा मुलांना पौरोहित्य शिकवायची सोय केली, १९२० मध्ये पाटगावच्या मौनी महाराजांच्या मठात क्षात्रजगद्गुरू, म्हणजे मराठ्यांचा स्वतःचा धर्मगुरू, नेमला. ग्रंथाचं दार आपल्या लोकांसाठी उघडून घेतलं.

आणि दार उघडलं की काय होतं, ते पाहायचं असेल तर नवरात्रात ललिता पंचमीला टेंबलाईच्या टेकडीवर जावं. करवीर माहात्म्यातली कथा: कोल्हासुराच्या वधानंतरच्या सोहळ्यात त्र्यंबोलीचा, म्हणजे टेंबलाईचा, मान राहून गेला, ती रुसून टेकडीवर पाठ फिरवून बसली, आणि अंबाबाई स्वतः तिची समजूत काढायला गेली. आजही पालखी लवाजम्यासह टेकडीवर जाते. दोघी बहिणींची भेट होते. कुमारिकेच्या हस्ते कोहळा फोडला जातो, कारण मरताना कोल्हासुरानं तेवढंच मागितलं होतं: गावाला माझं नाव आणि वर्षाला एक कोहळा. फुटलेल्या कोहळ्याचा तुकडा मिळावा म्हणून जी झुंबड उडते, ती ज्यानं पाहिली त्याला पोथी आणि लोक यांचं नातं वेगळं समजावून सांगावं लागत नाही. रुसणारी देवी, मनधरणी करणारी देवी, मारलेल्या शत्रूचीही शेवटची इच्छा पाळणारी देवी. अख्ख्या गावाच्या अंगात उतरलेला ग्रंथ तो हाच.

इथे लाइपझिगला थॉमस चर्च आहे. १७२३ पासून मरेपर्यंत, म्हणजे १७५० पर्यंत, थोर संगीतकार बाख इथला संगीतप्रमुख होता. शुक्रवारी संध्याकाळी आणि शनिवारी दुपारी मुलांचं गायनपथक गातं. दारात थोडे पैसे देऊन एक पातळ पुस्तिका मिळते आणि तीच तिकीट. त्यात त्या दिवशी गायल्या जाणाऱ्या रचनेचा शब्द न् शब्द छापलेला. गाणं सुरू झालं की शेजारची म्हातारी ओळीवर बोट ठेवून वाचत असते. ही रीत आजची नाही. बाखच्या काळीही रचनांचे शब्द छापून उपासकांना विकले जात. त्याच्या ‘मॅथ्यू पॅशन’मध्ये बायबलातल्या मॅथ्यूच्या शुभवर्तमानाचे दोन अध्याय, सोळाव्या शतकातला धर्मसुधारक ल्यूथर याच्या जर्मन भाषांतरात, जसेच्या तसे गायले जातात. एवढं अवघड संगीत, पण काय चाललंय हे कळत नाही असा माणूस तिथे बसलेला नसतो.

म्हणून जर्मनीचे गोडवे गावेत असं मी म्हणत नाही. या शहरातले बहुसंख्य लोक कुठल्याच चर्चचे सभासद नाहीत. गाण्याला गर्दी, रविवारच्या उपासनेला रिकामी बाकं. श्रद्धा गेली आणि कला राहिली, हे पाहताना मला टेंबलाईची टेकडी आठवते आणि आपल्याकडे काय शिल्लक आहे ते उमगतं. शिवाय ग्रंथ लोकांच्या हाती गेला की सगळं गोडच होतं असंही नाही. ल्यूथरच्या मांडणीतून बळ घेऊन १५२५ मध्ये शेतकरी उठले, कापले गेले, आणि ल्यूथरनंच त्यांच्याविरुद्ध लिहिलं. तो ज्यूंविषयीही विखारी लिहून गेला. त्याच्या विटेनबर्गमधल्या चर्चच्या भिंतीवर ज्यूंची विटंबना करणारं, तेराव्या शतकातलं डुकराचं शिल्प आजही आहे. ते काढा म्हणून खटला झाला. संघीय न्यायालयानं २०२२ मध्ये ते राहू दिलं, कारण १९८८ पासून त्याच्या खाली जमिनीवर स्मारक-पट्टी आहे आणि माहितीफलक लावलेला आहे. अनेक ज्यूंना हा निकाल पटलेला नाही, आणि त्यांचं दुःख खरं आहे. तरी निदान, दगड काय सांगतो आणि का सांगतो, हे तिथून जाणाऱ्या प्रत्येकाला वाचता येतं.

अंबाबाईच्या दारात मला एवढंच हवंय. ‘अर्थ लावणं शास्त्र्यांचं काम, सामान्यांना दिलं तर वाद वाढतील’ असं म्हणणारे आहेत. त्यांत माझ्या जवळचीही माणसं आहेत. पण वाद वाढायचे ते वाढलेच आहेत. २०१७ मध्ये देवीला घागरा-चोळी नेसवली तेव्हा गाव रस्त्यावर आलं, २०१८ मध्ये वंशपरंपरागत श्रीपूजकांऐवजी पगारी पुजारी नेमण्यासाठी कायदा झाला. पूजेचा हक्क कुणाचा यावर इतकं बोललो, पण पूजा कुणाची आणि कुठल्या शब्दांनी, हे भक्ताला अजून कुणी धड सांगितलेलं नाही.

तेव्हा देवस्थान समितीनं येत्या नवरात्राच्या आत एक पानाचं पत्रक काढावं आणि दर्शनरांगेत फुकट वाटावं. वर श्लोक, खाली सोपा मराठी अर्थ, शेजारी अलंकाराविना मूर्तीचं रेखाचित्र. २०१५ ला काय झालं, ते दोन वाक्यांत. लक्ष्मी की जगदंबा, यावर ज्या पोथीत जे आहे ते पोथीच्या नावानिशी. श्रीपूजक, विद्यापीठातले इतिहासाचे अभ्यासक आणि आंदोलनातली मंडळी यांनी एकत्र बसून मजकूर ठरवावा. एकमत झालं नाही, तर दोन्ही बाजू छापाव्यात.