गुरुजी, एकादशी नक्की कधी?

आम्ही काळाचे नकाशे काढणारी माणसं. लोक पंचांगवाले म्हणतात. जमिनीचा नकाशा काढणाऱ्यांचा आम्हाला फार हेवा वाटतो. सह्याद्री एकदा कागदावर उतरवला की तो दुसऱ्या दिवशी उठून चालू लागत नाही. आमचा मुलूख रोज सरकतो, कधी धावत, कधी रमतगमत, आणि त्याची हद्द नेमकी कुणाच्या तरी सकाळच्या चहातून जाते. मग फोन वाजतो. "गुरुजी, एकादशी नक्की कधी? कॅलेंडरवर सोमवार आहे, आणि वन्संच्या व्हॉट्सॲपवर मंगळवार."

उत्तर द्यायचं तर गणित सांगावं लागतं, आणि गणित निघालं की पलीकडून येतं, "ते राहू द्या, वार तेवढा सांगा." तरी आम्ही सांगतोच, कारण वर्षभर दुसरं कुणी ऐकून घेत नाही. चंद्र सूर्याच्या १२ अंश पुढे गेला की एक तिथी संपते. सूर्य दिवसाला साधारण १ अंश चालतो, चंद्र सरासरी १३. पण पृथ्वीजवळ आला की चंद्र १५ अंशांपर्यंत पळतो आणि लांब गेला की बारालाही पोचत नाही. म्हणून एखादी तिथी वीस तासांत आटपते, तर एखादी साडेसव्वीस तास हलत नाही. जुन्यांनी ‘बाणवृद्धी रसक्षय’ असा नियम बांधला होता, म्हणजे तिथी साठ घटींवर (घटी म्हणजे २४ मिनिटं) वाढलीच तर पाच आणि घटलीच तर सहा. चंद्राने तो वाचलेला दिसत नाही.

आता मार्चअखेरचा एक दिवस घ्या. हिशेब पहाटे साडेपाचचा मांडायचा, कारण ग्रहांची कोष्टकं ग्रिनिचच्या मध्यरात्रीची असतात. चंद्रातून सूर्य वजा केला, उरले १३१ अंश ३२ कला (साठ कलांचा एक अंश). बाराने भागा. दहा तिथ्या पुऱ्या झाल्या, अकरावी चालू, आणि ती संपायला २८ कला बाकी. त्या दिवशी चंद्र सूर्यापासून दिवसाला ८०० कलांच्या वेगाने दूर जातोय, म्हणजे २८ कलांना ५० मिनिटं. एकादशी ६ वाजून २० मिनिटांनी खलास. सूर्योदयाला जी तिथी, ती त्या दिवसाची. नागपूरचा सूर्योदय ६:१० चा, मुंबईचा ६:३५ चा. नागपुरात एकादशी. मुंबईत मात्र सूर्य उगवला तोच द्वादशीत, आणि ही एकादशी आदल्या दिवशी पावणेनऊला, म्हणजे सूर्योदयानंतर लागलेली. तिच्या वाट्याला एकही सूर्योदय आला नाही. क्षयतिथी.

हे ऐकून मुंबईकराचा आवाज खुलतो. "म्हणजे या वेळी उपवास नाही?" आहे. क्षय तिथीचा झाला, उपवासाचा नाही. स्मार्तांनी, म्हणजे स्मृतींचे नियम पाळणाऱ्यांनी, आदल्या दिवशी धरायचा, भागवतांनी, म्हणजे वैष्णवांनी, दुसऱ्या. भागवतांचं आणखी कडक, सूर्योदयाच्या चार घटी आधी, म्हणजे ९६ मिनिटं आधी, अरुणोदयाला दशमीचा स्पर्श झाला तरी त्यांना ती एकादशी चालत नाही. सासूबाई भागवत आणि सूनबाई स्मार्त असल्या तर त्या घरात साबुदाणा दोन दिवसांचा भिजवावा, एवढाच व्यवहार्य सल्ला आम्ही देऊ शकतो.

"दोन पंचांगांत मिनिटांचा फरक कसा?" हा दुसरा ठरलेला प्रश्न. चंद्राच्या गणितात एका कलेची चूक झाली की तिथीची वेळ दोन मिनिटांनी हलते. सूर्योदय तरी कशाला म्हणायचं? बिंबाची वरची कड दिसली तो, की बिंबाचा मध्य खरोखर क्षितिजावर आला तो? हवेमुळे सूर्य उचललेला दिसतो, त्यामुळे या दोहोंत आपल्याकडे साडेतीन मिनिटं जातात. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० मध्ये ‘ग्रहलाघव’ लिहिताना ज्या-चापाची, म्हणजे त्रिकोणमितीची, कटकटच काढून टाकली आणि नुसत्या गुणाकार-भागाकारावर पंचांग करता येईल अशी सोय केली. सोय इतकी उत्तम की महाराष्ट्र साडेतीनशे वर्षं तिच्यावर चालला. तोवर आकाश आणि पंचांग यांची फारकत झाली होती. केरो लक्ष्मण छत्र्यांनी १८६० मध्ये नवी कोष्टकं छापली, तेव्हा लोकांनी आकाशाकडे बघण्याऐवजी छत्र्यांकडे संशयाने बघितलं.

टिळक पंचांगाचं नाव निघालं की फोन अर्ध्या तासाचा होतो. तिथी त्यांची आणि इतरांची एकच असते, कारण अयनांश, म्हणजे राशीचक्राची सुरुवात कुठे मानायची त्याचे अंश, काहीही धरा, चंद्रातून सूर्य वजा करताना तो उडून जातो. संक्रांतीत, म्हणजे सूर्य नव्या राशीत शिरतो त्या वेळेत, मात्र तो उडत नाही. टिळक पंचांगाचा अयनांश सुमारे चार अंशांनी कमी, त्यामुळे त्यांची मकरसंक्रांत १० जानेवारीला. ज्या चांद्रमासात संक्रांत नाही तो अधिक. या चार दिवसांत अमावास्या येऊन पडली की अधिक महिना बदलतो, आणि एका घरचा फराळ संपतो तेव्हा शेजारी चकलीची भाजणी दळायला निघते.

पण खरी परीक्षा २०२४ च्या लक्ष्मीपूजनाला झाली. अमावास्या ३१ ऑक्टोबरला दुपारी चारच्या आत लागली आणि १ नोव्हेंबरला संध्याकाळी सव्वासहाच्या सुमारास संपली. लक्ष्मीपूजनाला प्रदोष हवा, तो सूर्यास्तानंतर. १ तारखेला मुंबईत सूर्य मावळला सहा-पाचच्या आसपास. अमावास्येचा प्रदोषातला हिस्सा दहा-बारा मिनिटांचा, पण दोन्ही दिवशी स्पर्श असेल तर दुसरा दिवस घ्यायचा, म्हणून महाराष्ट्रात १ तारीख. उत्तरेत अनेकांनी ३१ धरली. त्यातच पुण्याच्या काकूंचा फोन, "मुलगी न्यू जर्सीत ३१ लाच पूजा करतेय, तिला सांगा हो!" काकू, तिचं बरोबर आहे. अमावास्या संपण्याचा क्षण जगभर एकच, पण तो तिच्या घड्याळात १ तारखेच्या सकाळी पावणेनऊला येतो. तिला संध्याकाळची अमावास्या ३१ लाच मिळते. काकूंना पटलं नाही. जावयाने सुट्टीच्या सोयीने ठरवलं असणार, असं त्यांचं ठाम मत.

महिन्याचा नेमाचा ताप म्हणजे संकष्टी. चंद्रोदयाची छापील वेळ सपाट क्षितिजाची असते. पूर्वेला तेवीस मजली टॉवर असेल तर चंद्र तासभर उशिरा दिसेल, आणि श्रावणात ढग असतील तर दिसणारच नाही. वाट बघू नका, वेळ झाली की नैवेद्य दाखवा आणि पानं वाढा, हे आम्ही दर संकष्टीला बजावतो.

"पण गुरुजी, ही वेळ मुंबईची. आम्ही डोंबिवलीला."

डोंबिवलीला मिनिटभर आधी. बसा जेवायला.